मस्टरवरची सही

सरकारी दवाखान्याच्या हेडक्लार्कला ताई दोन वर्षं मनातल्या मनात लाखोली वाहत होती. औषधांच्या दुकानात काउंटरमागे उभी राहून ती साऱ्या गल्लीची ताई झाली होती. तशी स्वभावाने मऊ, पण या माणसाचा विषय निघाला की तिचं डोकं सणकायचं.

कारणही तसंच होतं. दवाखान्यात औषधं देणाऱ्याची एकच जागा निघाली होती. निवड यादीत दुसरीच एक बाई पहिली आणि प्रतीक्षा यादीत ताई पहिली. ती बाई एका सकाळी आली, चहा प्यायली, बँकेत नोकरी लागल्याचा फोन आला आणि गेली ती गेलीच. ती रुजूच झाली नसेल, तर जागा ताईची. रुजू होऊन सोडून गेली असेल, तर यादी संपली आणि जागेची नवी जाहिरात निघणार. ताईचं वय उलटून गेलेलं, म्हणजे नव्या जाहिरातीचा तिला काडीचा उपयोग नव्हता.

मस्टरवर त्या बाईची सही होती. घोडं तिथंच पेंड खात होतं.

ही हेडक्लार्कची जुनी खोड. नियमाप्रमाणे आधी कागदपत्रं तपासायची, मग औषधांचं कपाट मोजून द्यायचं, किल्ली हवाली करायची आणि शेवटी सही. पण एवढं होईस्तोवर दुपार टळायची आणि दुपारनंतर सही झाली की तो दिवस पगारात धरत नसत. म्हणून नवा माणूस दारात दिसला, की हा म्हणायचा, "आधी सही करा, मग चहा घ्या." चांगुलपणाच्या भरात नियम कोण बघतो!

ताईने कोर्टात दावा लावला. तिच्या वकीलबाईंनी हेडक्लार्कला साक्षीला बोलावलं खरं, पण ताईला आधीच बजावून ठेवलं, "फार आशा धरू नका. रिटायर व्हायला आलेला माणूस स्वतःच्या पायावर धोंडा कशाला मारून घेईल?"

तो आला. इस्त्रीचा शर्ट, खिशाला पेन. सरकारी वकिलाने विचारलं, "सही तुमच्यासमोर झाली?"

"हो साहेब. माझ्यासमोरच."

वकील समाधानाने खाली बसत होता.

"पण ती मीच करायला लावली," हेडक्लार्क पुढे बोलला. "कागद बघायच्या आधी. कपाट मोजलं नव्हतं, किल्ली माझ्याच खिशात होती. बाई रुजू झालीच नाही. चूक माझी आहे."

न्यायाधीशांनी चष्मा काढला. "तुमच्यावर कारवाई होऊ शकते, कळतंय ना?"

"कळतंय साहेब. घरी सांगून आलोय."

निकाल ताईच्या बाजूने लागला. हेडक्लार्कची मात्र वेतनवाढ थांबली आणि टेबल खिडकीजवळून उचलून जुन्या कागदांच्या खोलीत गेलं. हे ताईला कळलं, त्या रात्री तिला जेवण गेलं नाही. आपण कुणाला शिव्या घालत होतो, या विचाराने तिला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

टेबल हललं तरी मस्टर अजून त्याच्याकडेच होतं; रुजू व्हायला ती गेली, तेव्हा सोपस्कार करायला तोच समोर होता. मस्टर बंद करून त्यावर त्याने कोपर रोवलं होतं.

"आधी कागद," तो म्हणाला.

कागद झाले. मग कपाट. तो यादी वाचायचा, ती बाटल्या आणि पाकिटं मोजायची. एक गोळ्यांचा डबा जुळेना, म्हणून सगळा कप्पा पुन्हा मोजला. शेवटी त्याने किल्ली तिच्या तळहातावर ठेवली आणि मस्टर उघडलं. घड्याळाकडे नजर जाताच त्याचा चेहरा उतरला.

"दुपार उलटली हो. तुमचा आजचा दिवस गेला."

जिच्यापायी याची वेतनवाढ गेली, तिच्या एका दिवसासाठी हा माणूस हळहळत होता. ताईला समोरची ओळ दिसेना. तिने डोळे पुसले आणि सही केली.

"जाऊ दे काका," ती म्हणाली. "तुम्ही होता म्हणून ही सही झाली. आता बसा. आजचा चहा मी आणते."