मुप्पिडातीच्या अंगणातली वाळू

मित्रांनो, मी एक जुनी बैलगाडी आहे. ताम्रपर्णी नदीच्या काठी, तिरुनेलवेलीकडच्या एका खेड्यात माझा जन्म झाला. माझा मालक सुडलैमुत्तू तेव्हा तरणाबांड होता. त्याच्या वडिलांनी बांधावरची बाभूळ तोडली, सुताराने चाके घडवली, आणि लोहाराने लालबुंद तापलेली लोखंडी धाव चाकावर चढवून तिच्यावर घागरभर पाणी ओतले. त्या वेळी उठलेली वाफ मला अजून आठवते.

काय दिवस होते ते! केळीचे घड, ताडगुळाच्या टोपल्या, भाताची पोती, सगळे माझ्याच अंगावर चढत असे. नवी नवरी पेच्चियम्माळ माझ्यातच बसून या गावात आली आणि वाटभर "गाडी किती हो आदळते!" म्हणून कुरकुरली. तिची ती कुरकूर आजतागायत थांबलेली नाही, पण माझ्या जुवाला हळदीचे बोट लावायला ती कधी विसरली नाही.

वाळूही मी पुष्कळ वाहिली. त्या काळी घर बांधायचे म्हणजे बैल जुंपायचे आणि नदीत उतरायचे. पुढे मोठाल्या ट्रकांनी नदी ओरबाडली, पात्रात खड्डे पडले, विहिरी आटल्या. मग परवान्याशिवाय वाळू उपसायची नाही, असा कायदा आला. तो यायलाच हवा होता, असे माझे मत आहे. आमचे वाळू वाहणे तेव्हापासून थांबले.

एक खेप मात्र थांबली नाही. आमच्या ग्रामदेवीच्या, मुप्पिडाती अम्मनच्या जत्रेआधी देवळाच्या अंगणात नदीची ताजी वाळू पसरायची रीत आहे. सुडलैमुत्तूच्या आजोबांपासून ही वाळू याच घरची गाडी नेत आली. तिलाही परवाना लागतो, हे गावात कुणाच्या डोक्यातच आले नाही. देवीच्या दारी न्यायच्या वाळूला कसला आलाय कागद?

त्या वर्षी घाटावर सरकारी पथक उभे होते. त्यांनी बैलांसकट, वाळूसकट मला पोलीस ठाण्यात नेले. तिथल्या हवालदारांना सगळे एट्टय्या म्हणत. सुडलैमुत्तू त्यांच्यापुढे हात जोडून म्हणाला, "एट्टय्या, ही आईची वाळू आहे हो."

"मग आईलाच घेऊन ये सही करायला," एट्टय्या म्हणाले. "खुर्ची देतो बसायला."

बैल संध्याकाळीच सुटले. त्यांना वैरण कोण घालणार? शिवाय एकाने साहेबांच्या कुंडीतली तुळस फस्त केली होती. मला काही खायला लागत नाही, म्हणून मी राहिले.

ठाण्याच्या आवारात बरीच वाहने होती. ज्यांच्या मालकांकडे वकील होते, ते ट्रक आले तसे गेले. सुडलैमुत्तू कचेरीत खेटे घालत राहिला. तिथे त्याला सांगितले, की वाळू चोरल्याचे लिहून दे, दंड भर आणि गाडी घेऊन जा. नाहीतर कोर्टात लढ, मग लागतील तितकी वर्षे लागू देत. दंडाला त्याची ना नव्हती. पण 'चोरली' या शब्दाखाली तो सही करीना.

अधूनमधून येऊन तो माझ्या आसाला तेल घालून जाई. एट्टय्या तेव्हा मुद्दाम दुसरीकडे बघत. पावसाळा आला. माझ्यातली वाळू भिजली, तिच्यावर गवत उगवले. खालून वाळवी चढली. मित्रांनो, ती कुरतडते तेव्हा आवाज येतो, पण तो फक्त लाकडालाच ऐकू येतो.

एकदा पेच्चियम्माळही बरोबर आली. मला पाहून ती भडकलीच. "अहो, करून टाका ना सही! एका शब्दाने काय आभाळ कोसळतंय?"

"आईच्या अंगणात न्यायची वाळू चोरीची होती म्हणू?"

"वाळवी तुमचा ताठा खात नाहीये. गाडी खातेय गाडी!"

सुडलैमुत्तूने खाली वाकून माझी फळी चाचपली. तिचा भुगा त्याच्या मुठीत आला.  तो तसाच कचेरीत गेला, दंड भरला आणि सही करून आला.

माझ्यातली वाळू तिथेच आवारात ओतून घेतली. बैल मला पाहताच आपण होऊन जुवाखाली आले. चाके रुतली होती, तर एट्टय्यांनी स्वतः खांदा लावला. "सांभाळून ने हो, अण्णाच्ची," ते म्हणाले. आमच्याकडे मोठ्या भावाला अशी हाक मारतात.

यंदा जत्रेला दगड दळून केलेली वाळू ट्रकमधून आली, पावतीसकट. सुडलैमुत्तूने मला देवळाच्या गल्लीच्या तोंडाशी आणले आणि तिथेच थांबवले. आत ढोल घुमत होते.

"अहो, चला ना," पेच्चियम्माळ म्हणाली. "आईला काय सगळं ठाऊक नाही?"

"तिला ठाऊक आहे गं," तो म्हणाला. "पण तिचा चोर म्हणून मीच सही केलीय. आता कुठल्या तोंडाने जाऊ तिच्यापुढे?"

ती माझ्यावर चढून त्याच्याशेजारी बसली. देवीचे दर्शन न घेताच दोघे घरी परतली.

मित्रांनो, नदी जपा, तिची वाळू जपा. आणि उद्या तुमच्यापैकी कुणी साहेब झालेच, तर अडवलेल्या गाडीमागच्या माणसाचे म्हणणे ती सडण्याआधी ऐकून घ्या. माझी कुजलेली फळी सुताराने दुसऱ्याच दिवशी बदलली. सुडलैमुत्तूसाठी मी कुठला सुतार आणू?