बधिर बोटं

दादाच्या दवाखान्यात त्या दिवशी पेशंट घेतले नव्हते. दातांचे डॉक्टर तासन्‌तास वाकून मान, पाठ नि बोटं कशी निकामी करून घेतात, ते समजावायला एक फिजिओथेरपिस्ट बाई आल्या होत्या. त्यांना बोलावलं होतं धाकट्या बहिणीनं. तीही दातांचीच डॉक्टर, पण दादाच्या हाताखाली. जरा काही चुकलं की दादा दात तपासायच्या आरशाच्या दांड्यानं तिच्या बोटांवर फटका हाणायचा, पेशंटच्या देखत.

"स्टूल फार खाली आहे तुमचं," बाई दादाला म्हणाल्या. "तुम्ही वाकू नका, पेशंटची खुर्ची वर घ्या. कोपरं अंगालगत. आता मान उजवीकडे झुकवा." त्यांनी त्याच्या उजव्या हातात आरसा दिला. तो गळून पडला.

"बोटं कधीपासून बधिर आहेत?"

"कुठे बधिर आहेत?"

"डॉक्टर, तपासून घेईपर्यंत ड्रिल धरू नका. कुणाची तरी जीभ कापाल."

धाकटीनं गळून पडलेल्या आरशाकडे पाहिलं. गेल्याच आठवड्यात दादाच्या ड्रिलनं एका म्हातारीची जीभ फाटली होती. पेशंट हलली, नीट धरली नाहीस म्हणत दादानं नर्सला धक्के मारून हाकललं होतं.

"म्हणजे पेशंट हललीच नव्हती," ती बोलून गेली.

दादानं स्टूल लाथाडलं. "माझ्या बहिणीला फितवतेस?" म्हणत त्यानं डाव्या हातानं बाईंचा गळा आवळला नि त्यांचं डोकं भिंतीवर आपटलं. धाकटी मधे पडली. त्यानं तिला हत्यारांच्या ट्रेवर भिरकावलं. एक टोकदार हत्यार तिच्या तळहातात आरपार घुसलं. बाईंचे डोळे पांढरे व्हायला लागले होते. धाकटीनं रक्ताळल्या हातानंच स्टूल उचललं आणि सगळा जीव एकवटून दादाच्या खांद्यावर घातलं. हाड मोडल्याचा आवाज तिनं स्पष्ट ऐकला. तो पडला, तरी तिनं आणखी एकदा घातलं. तो दुसरा घाव गरजेचा नव्हता, हे तिला मारतानाच कळत होतं.

बाई वाचल्या. इस्पितळात धाकटीच्या हाताला टाके पडत होते, तेव्हा वहिनी आली. नवऱ्याकडे न जाता ती आधी हिच्याकडेच आली.

"माफ कर, वहिनी. त्याचा हात बधिर झालाय, मला आधी कळायला हवं होतं."

"मला कळलं होतं," वहिनी खाली बघत म्हणाली. "दोनेक वर्षं झाली, त्याची थप्पड हलकी लागायला लागली. मला वाटलं, माणूस सुधारतोय."

बाहेर पोलीस जबाब घ्यायला थांबले होते.

"तुझा झाला की माझाही घ्या म्हणावं," वहिनी म्हणाली आणि तिच्या शेजारी बसली.