सोलांजला वाळकी तुळस हवी होती

रियाधला येऊन आठ वर्षं झाली, माझा नेम चुकलेला नाही. तुळशीला पाणी घातल्याशिवाय मी तोंडात घोटही घेत नाही. अल खर्जच्या शेतावर काम करणाऱ्या, मूळच्या रत्नागिरीच्या कादिरभाईंनी मी गावाहून आणलेल्या मंजिऱ्यांतून ती रुजवली आणि ओल्या गोणपाटात गुंडाळून आणून दिली. कोणी विचारलं तर पूजेचं नाव काढू नका, रेहान म्हणजे इथला सब्जा म्हणा वहिनी, म्हणाले.

२००७च्या मार्चमध्ये आमच्या ह्यांच्या बँकेतल्या फ्रेंच साहेबांची बहीण आली, सोलांज. ती सिनेमे करते. अर्धे खरे, अर्धे रचलेले, आणि कुठला अर्धा कुठला ते सांगायचं नाही, ही म्हणे कला. आमच्याकडे त्याला थाप म्हणतात. आमच्या घरी कॅमेरा लावायला ह्यांनी साहेबांना आधी होकार दिला, मला नंतर विचारलं.

पहिल्या दिवशी तिनं माझी पूजा टिपली. मग समजावलं, की सिनेमातली विभावरी, म्हणजे मीच, परक्या मुलखात झुरते आणि तिची तुळस वाळते. तेव्हा तीन दिवस पाणी घालू नका.

मी हळूच म्हटलं, "मी झुरत नाही. पण तीन दिवस उपाशी मात्र राहीन."

तिचे डोळे चमकले. "तेही घेऊ या."

संध्याकाळी हे समजूत घालायला बसले. साहेबांची बहीण आहे, निदान तिच्या परवानगीच्या कागदावर सही कर, त्याशिवाय तिला काहीच दाखवता येत नाही. मी म्हटलं, रडणंच हवं असेल तर कांदे चिरून देते.

दुसऱ्या दिवशी सकाळी तुळशीला पाणी घालून मी पाहुणीसाठी चहा टाकायला आत गेले. ट्रे घेऊन बाल्कनीत येते तो बाई माझाच हेअर ड्रायर तुळशीवर धरून उभ्या. पानं कडेनं काळवंडून मुडपली होती. मला पाहताच तिनं कॅमेरा माझ्या चेहऱ्यावर वळवला. डोळ्यांत पाणी यायची वाट पाहत होती.

मी प्लग काढला. "चहा घ्या, गार होईल."

बराच वेळ तिनं माझा चेहरा टिपला. तिथं तिला काही मिळालं नसावं. कॅमेरा बंद करून तिनं कागद पुढे केला. मी तो घडी घालून कुंडीखाली सारला आणि पुन्हा तांब्याभर पाणी घातलं. खालून गढूळ ओघळ आला आणि सहीची जागा भिजली.

 सोलांज अगदी आर्जवानं म्हणाली, "हे पुन्हा एकदा कराल? कॅमेरा बंद होता."

मी दाराशी जाऊन तिच्या चपला बाहेरच्या दिशेनं सरळ करून ठेवल्या.