गिऱ्हाईक म्हणून आलेली आई

डोंगरातल्या वारास गावच्या चौकातून तळ्याकडची गाडी सुटायच्या आधी गाइड देल्फिना ओन्कोयने नेहमीसारखी मागे वळून माणसं पाहून घेतली. पुढे त्रुहियोहून आलेलं नवं जोडपं, इबेथ आणि रोलांदो, एकाच पांघरुणात. त्यांच्या मागे योखेन नावाचा जर्मन, गुडघे हनुवटीपर्यंत दुमडून बसलेला. आणि अगदी शेवटच्या बाकावर एक काळी टोपी, जांभळ्या फितीची. ती टोपी देल्फिनाने जन्मापासून पाहिली होती.

"आई?"

"गिऱ्हाईक," टोपीखालून उत्तर आलं. "काल कचेरीत जाऊन तिकीट काढलंय. खोटं वाटत असेल तर विचार तिथल्या पोरीला."

"तू चिंबोतेहून आलीस कधी?"

"काल दुपारच्या बसने. चला आता, उशीर होतोय. का सगळ्याच गिऱ्हाइकांची अशी उलटतपासणी करतेस?"

इबेथ फिसकन हसली. देल्फिना पुढे जाऊन ड्रायव्हरशेजारी बसली.

तिची आई एर्मिनिया ह्याच डोंगरातली. वायताकोचा नावाच्या तळ्याखालच्या दरीत तिचं माहेर. लहानपणी मेंढ्या घेऊन ती रोज तळ्यापर्यंत जायची. पुढे लग्न झालं, पाऊस दोनदा रुसला, बटाटा काळा पडला, आणि नवरा-बायको खाली समुद्रकाठी चिंबोतेला गेली. तिथे तिने तळलेल्या मासळीचा ठेला टाकला. नवरा गेल्यावरही तिने तो एकटीने चालवला, वाढवला. आता तिथे चार टेबलं होती, दोन कढया होत्या, आणि तिसऱ्या कढईपाशी देल्फिनाने उभं राहावं अशी तिची फार इच्छा होती. देल्फिना शाळेसाठी म्हणून आजीजवळ राहिली ती राहिलीच. खाली यायचं नाव काढलं की फोनवर म्हणायची, "बघू गं आई, हंगाम संपू दे."

कसला हंगाम, हेच एर्मिनियाला कळत नव्हतं. ज्या डोंगरातून आपण पोटासाठी पळालो तिथे लोक पैसे मोजून धापा टाकायला येतात, आणि आपली पोरगी त्यांच्यापुढे चालते, ह्याला काम म्हणतात? शेवटी दोन दिवस ठेला भाचीवर, नातिवीदादवर सोपवून ती स्वतःच्या डोळ्यांनी बघायला आली होती.

दरीच्या तोंडाशी गाडी थांबली. जुलै म्हणजे इथे कोरडी थंडी: निळंभोर आभाळ, गवतावर पांढरं दहिवर, ओढ्याकाठी निळ्या तुऱ्यांची दाट झुडपं. देल्फिनाने सगळ्यांना गोळा केलं.

"डोकं दुखलं, मळमळलं, तर लगेच सांगायचं. लाजायचं नाही. कुणी एकट्याने पुढे जायचं नाही. आणि मी परत फिरा म्हटलं की फिरायचं, मग तळं दहा पावलांवर असलं तरी."

"बापरे," एर्मिनिया इबेथच्या कानाशी लागली, "घरी हिला साधी चूल पेटवता येत नव्हती."

"आई, ऐकू येतंय मला."

कुरणात सातुर्निनो आपला घोडा घेऊन उभा होता. दमलेल्यांना घोडा लागतो, त्यावर त्याचं चालायचं. एर्मिनियाला पाहून त्याने डोळे बारीक केले.

"कोण गं ही? एर्मिनिया तर नव्हे? समुद्रातली मासळी डोंगर चढायला लागली की काय!"

"सातुर्निनो! अरे मेल्या, दात कुठे सांडलेस?"

"तुझी वाट बघून बघून झिजले."

"माझी कसली वाट बघतोस? माझ्या दोन मेंढ्या अजून तुझ्या कळपात आहेत, त्या आधी परत कर."

"त्यांची पणतवंडं देतो, चालतील?"

ती दोघं लहानपणी एकत्र मेंढ्या राखायची. पाच मिनिटांत दोघांनी निम्म्या दरीचे जिवंत आणि मेलेले लोक काढले. योखेनला शब्द कळत नव्हते, पण तो हसत होता.

पुढचा तासभर एर्मिनियाने सगळ्यांना आपल्या खिशात घातलं. पाठीवरच्या शालीतल्या गाठोड्यातून भाजलेला मका काढून तिने वाटला. ह्या दगडावरून आपण पडलो होतो, त्या झऱ्यापाशी मामाचं खेचर बुडालं होतं, असं एकेक सांगत ती चालली होती. रोलांदो म्हणाला, "मावशी, तुम्हीच का नाही गाइड होत?" एर्मिनिया मुलीकडे तिरक्या नजरेने बघत म्हणाली, "आम्ही हे फुकट करायचो रे बाबा."

कुरण संपलं की वाट नागमोडी वळणं घेत चढू लागते. तिथे योखेनच्या बुटाचा तळ सुटला आणि देल्फिना मागे थांबून तो चिकटपट्टीने बांधू लागली. "इथेच थांबा," तिने बाकीच्यांना सांगितलं. बांधून वर बघते तर वाटेवर कुणीच नाही.

झालं होतं असं. एर्मिनियाने त्या जोडप्याला म्हटलं होतं, "ही वळणं गाढवांसाठी. आम्ही सरळ त्या झाडांतून जायचो. तिच्या आधी वर पोचू, बघा तोंड कसं होतं तिचं." आणि तिघंही तांबड्या, पापुद्रे सुटलेल्या सालींच्या झाडांत शिरली होती.

झाडं होती, पण पलीकडची वाट कधीच ढासळून गेली होती. वरचं पाणी तिथे झिरपायचं. वरून हिरवंगार गवत आणि खाली लगदा. देल्फिना पोचली तेव्हा रोलांदो मांडीपर्यंत चिखलात होता, इबेथ त्याचा हात ओढत होती, आणि एर्मिनिया कोरड्या दगडावर उभी राहून दोघांना सूचना देत होती.

"डावा पाय आधी काढ रे! डावा!"

"मावशी, डावा कुठला तेच कळत नाहीये!"

योखेनने आपल्या दोन्ही काठ्या पुढे केल्या, देल्फिनाने कमरेचा लांब पट्टा सोडून टाकला, आणि रोलांदो पचाककन बाहेर आला. बूट मात्र आतच राहिला. तो काढायला योखेन पालथा झोपला आणि खांद्यापर्यंत हात घालून विजयी चेहऱ्याने बूट घेऊन उठला. इबेथला हसू आवरेना. हसत हसतच तिने नवऱ्याचा फोटो काढला.

देल्फिना हसली नाही. तिने आईला जरा बाजूला नेलं.

"गिऱ्हाईक म्हणून आलीस ना? मग गिऱ्हाइकासारखी वाग. ह्या माणसांना काही झालं तर मला जाब द्यावा लागतो, तुला नाही."

"पूर्वी इथे वाट होती."

"पूर्वी होती."

 वाटेवर परतल्यावर एर्मिनिया मुकाट्याने मुलीच्या मागून चालू लागली.

आई ऐकायला लागली म्हणून देल्फिनाला आधी बरं वाटलं. पण मग वरच्या पठारावर पोचल्यावर तिच्या लक्षात आलं की आई फारच वेळ गप्प आहे. सातुर्निनोची नक्कल नाही, टोमणा नाही, काही नाही. रोलांदोने विचारलं, "मावशी, मका आहे का अजून?" तर तिने गाठोडंच त्याच्या हातात दिलं.

देल्फिना थांबली. "आई, टोपी वर कर."

ओठ निळसर झाले होते. चेहरा मातीच्या रंगाचा.

"डोकं दुखतंय?"

"सकाळचं चीज बाधलं असेल."

"बोट दे." देल्फिनाने खिशातलं, रक्तातला प्राणवायू मोजणारं चिमट्यासारखं यंत्र तिच्या बोटाला लावलं. आकडा पाहून तिने बोट पुसलं, पुन्हा लावलं.

"ते खोटं बोलतंय," एर्मिनिया म्हणाली. "कढईपाशी उभं राहून बोटं जाड झालीत माझी."

"बरं. मग ह्या दगडापासून त्या दगडापर्यंत सरळ चालून दाखव. टाचेला अंगठा लावून."

एर्मिनिया चार पावलं नीट चालली, पाचव्याला कलली आणि योखेनच्या दंडाला धरून उभी राहिली. "घागरा आडवा आला," ती म्हणाली, आणि मग वाकून उलटी केली.

तळं समोरच्या शेवटच्या चढापलीकडे होतं. कड्यावरून कोसळणाऱ्या पाण्याचा आवाज इथपर्यंत येत होता.

देल्फिनाने तिचं तोंड पुसलं. "खाली जायचं, आई. आत्ता."

"वेडी की काय? एवढं वर येऊन? मी ह्या दरीत जन्मले, देल्फिना! माझं बालपण गेलं इथे!"

"बालपण इथे गेलं. फुप्फुसं चिंबोतेला राहायला गेलीत. काल दुपारी समुद्राकाठून उठलीस आणि आज इथे."

"थोडं बसते, बरं वाटेल."

"बसून बरं वाटणार नाही. उतरूनच वाटेल."

"लोकांसमोर स्वतःच्या आईला हाकलतेस? तळंसुद्धा दाखवणार नाहीस मला?"

देल्फिनाने तिचा दंड धरला. "आज नाही."

एर्मिनियाच्या डोळ्यांत पाणी आलं. इबेथने दुसरीकडे तोंड फिरवलं.

तेवढ्यात मागून दुसऱ्या कंपनीचा वाल्तर आपली सहा-सात माणसं घेऊन येताना दिसला. तो आणि देल्फिना एकत्रच शिकले होते. तिने त्याला दोन वाक्यांत सगळं सांगितलं.

"तुझी तिघं माझ्याकडे दे," वाल्तर म्हणाला. "परत आणून सोडतो. तू हो खाली."

"आम्हीपण येऊ का?" रोलांदोने विचारलं. "मावशींना उचलायला?"

"तू आधी स्वतःचा बूट उचल," एर्मिनिया पुटपुटली. तेवढ्यानेसुद्धा देल्फिनाला हायसं वाटलं.

योखेनने आपली एक काठी एर्मिनियाच्या हातात दिली, छातीवर हात ठेवला आणि तोडकंमोडकं म्हणाला, "तुम्ही हळू. मी फोटो आणतो."

देल्फिनाने कमरेचा पट्टा आईच्या कमरेला बांधला, टोक आपल्या मुठीत धरलं, आणि दोघी उतरू लागल्या. दर वळणावर देल्फिना तिला काहीतरी विचारायची. मासळी कोणती आणतेस हल्ली, नातिवीदाद कशी आहे. उत्तर उशिरा आलं की थांबून तिचे डोळे बघायची. खाली बघत तिने दोन बोटं तोंडात घालून लांब शिट्टी मारली. बऱ्याच वेळाने कुरणाच्या टोकाकडून घोडा निघालेला दिसला.

सातुर्निनोने एर्मिनियाला घोड्यावर चढवलं. एक शब्द थट्टेचा बोलला नाही. ते पाहून एर्मिनियाच घाबरली.

"मी मरतेय का रे?"

"छे गं."

"मग गप्प का?"

"घोड्याला ओझं झालंय. त्याच्या वाटचं दुःख करतोय."

कुरणात उतरेपर्यंत तिच्या ओठांवर रंग आला. ओढ्याकाठी गवतात ती डोळे मिटून पडली. देल्फिना शेजारी बसून राहिली, मधूनमधून तिच्या बोटाला ते यंत्र लावत राहिली. ऊन चांगलं तापलं तेव्हा एर्मिनिया उठून बसली आणि म्हणाली, "भूक लागली."

सातुर्निनोकडे उकडलेले बटाटे होते, वाटलेली मिरची होती. तिने तीन बटाटे खाल्ले, मग चौथा सोलता सोलता विचारलं, "मी आई आहे म्हणून उतरलीस ना?"

"नाही. योखेन असता तरी उतरले असते. फक्त त्याला एवढं बोलू दिलं नसतं."

एर्मिनिया बटाटा सोलत राहिली. "वर मी तुला काय काय बोलले, लोकांसमोर. तरी तू हलली नाहीस."

"आतून हलले होते."

"दिसलं नाही," एर्मिनिया म्हणाली. "ते बरं केलंस. दिसलं असतं तर मी ऐकलं नसतं." तिने अर्धा बटाटा मोडून मुलीच्या हातावर ठेवला.

दुपारी वाल्तरची आणि देल्फिनाची माणसं हसत-ओरडत उतरली. योखेनचं नाक उन्हाने टोमॅटो झालं होतं. त्याने धावत येऊन फोन पुढे केला. एर्मिनियाने हाताने डोळे झाकले.

"फोटो नको रे. मी बघीनच. ही दाखवेल."

ती लगेच चिंबोतेला परत गेली नाही. देल्फिनाच्या एका खोलीच्या बिऱ्हाडात आठवडाभर राहिली. मुलीने सांगितलं तेवढंच चालली, पहिल्यांदा गावातल्या गावात, मग जवळच्या टेकडीवर. संध्याकाळी घरी येणाऱ्या देल्फिनाच्या मित्रमैत्रिणींना तिने नदीतला ट्राउट मासा तळून घातला आणि त्यांच्याकडून डोंगरातल्या गोष्टी काढून घेतल्या. तिथे तिला कळलं की मागच्या साली हिमवादळात अडकलेल्या दोघांना तिच्या मुलीने खाली आणलं होतं. "मला नाही सांगितलंस," ती म्हणाली. "तू लगेच बसमध्ये बसली असतीस," देल्फिना म्हणाली. ते खरंच होतं.

मग एका पहाटे दोघीच निघाल्या. सावकाश, थांबत थांबत. शेवटचा चढ संपला आणि वायताकोचा तळं समोर आलं. गडद निळं, हलतं पाणी, वर डोंगराचा पांढरा माथा.

एर्मिनिया बराच वेळ बघत राहिली.

"बर्फ कुठे गेला?"

"तो काय वर."

"तो नव्हे गं. इथपर्यंत होता." तिने पलीकडच्या काठावरच्या करड्या, नागड्या खडकाकडे बोट केलं. "पाण्यात उतरलेला असायचा. दुपारी तुकडा तुटून पडला की मेंढ्या चौखूर उधळायच्या. सातुर्निनो आणि मी टाळ्या वाजवायचो."

देल्फिनाने हे तळं शेकडो वेळा पाहिलं होतं. तिने पाहिलं तेव्हापासून तिथे खडकच होता. ती आईच्या बोटाच्या दिशेने पाहत राहिली आणि तिथे बर्फ कसा असेल ते डोळ्यांपुढे आणायचा प्रयत्न करत राहिली.

"कुठून सुरू व्हायचा? दाखव नीट."

मग एर्मिनियाने दाखवलं. कुठे भेगा होत्या, कुठे निळी गुहा होती, कुठे उभं राहिलं की गार वारा थेट तोंडावर यायचा.  थोड्या वेळाने तिने बूट काढले, घागरा गुडघ्यापर्यंत उचलला आणि पाण्यात पाय घातले. अशी किंकाळी फोडली की काठावरची दोन बदकं उडाली.

"देवा रे! हे पाणी तेवढं आहे तसंच आहे!"

तिकडे चिंबोतेत नातिवीदादने ठेला इतका नीट सांभाळला होता की एर्मिनियाने परत गेल्यावर तिला भागीदार करून घेतलं. तिसऱ्या कढईपाशी आता नातिवीदादचा नवरा उभा असतो. देल्फिनाला खाली बोलवायचा विषय पुन्हा निघाला नाही. कोरडे दिवस आले की एर्मिनिया आठवडाभर आधीच वारासला येऊन राहते, आणि मुलीच्या गाडीत जागा असली तर तिकीट काढूनच बसते.