भाऊ बोलत नाही

मार्ताबाईंच्या हंगेरियन कादंबरीत जे काही घडतं ते बहुतेक स्वप्नातच. नायकाने डोळे मिटले की नदीत बुडून गेलेला त्याचा धाकटा भाऊ समोर येऊन बसतो आणि पानंच्या पानं बोलत राहतो. तिच्यावर टीव्हीसाठी फिल्म करताना इरावतीने त्या भावाला मुका करून टाकला. तो येतो, संत्रं सोलतो, एक शब्द बोलत नाही. एडिटिंग झालं; आता फिल्म बाईंना दाखवायची होती, आणि आधीच्या दोन दिग्दर्शकांना बाईंनी वाटेला लावलं होतं. त्यांनी नको म्हटलं तर फिल्म डब्यात जाणार होती.

बाई केंब्रिजला राहत. इरावती लंडनजवळच्या पिनरहून निघाली तेव्हा तिचे बाबा, माधव, न विचारताच गाडीत येऊन बसले. जन्मभर सायकायट्रिस्ट म्हणून काम केलेला माणूस, पण वाटेत त्यांनी धीराचा एक शब्द काढला नाही. आपण गाडीतच थांबतो म्हणत होते. बाईंनीच त्यांना आत बोलावलं.

फिल्मभर इरावती पडद्याकडे नाही, बाईंच्या हातांकडे बघत होती. संत्र्याच्या सीनला त्यांनी चष्मा काढला, तो पुन्हा लावलाच नाही.

"हा बोलत का नाही?" फिल्म संपल्यावर त्यांनी विचारलं.

चॅनेलने दिलेला वेळ, फिल्मची गती, अशी उत्तरं इरावती घोकून आली होती. त्यातलं एकही तिने दिलं नाही.

"माझी आई स्वप्नात येते," ती म्हणाली. "नुसती बसते. बोलत नाही कधीच."

बाबांनी चमकून तिच्याकडे पाहिलं. तिच्या आईला, प्रमोदिनीला, जाऊन पाच वर्षं झाली होती; हे ते पहिल्यांदाच ऐकत होते.

"तो माझा सख्खा भाऊ," बाई म्हणाल्या. "माझ्याकडेही येतो तो गप्पच. मला ते सोसवेना, म्हणून पुस्तकात मी त्याला बोलतं केलं. तू आणलास तो खरा."

मग तो सीन त्यांनी पुन्हा लावायला सांगितला आणि फिल्मवर माझं नाव ठळक अक्षरांत घाल, असं बजावलं.

परतताना मोटरवे लागला तसे बाबा हळूच म्हणाले, "आता आई आली की तिला सांग, मधूनमधून माझ्याकडेही येत जा."

इरावती हसली, मग जरा रडली. कित्येक आठवड्यांत तिला अशी कडकडून भूक लागली नव्हती. पुढच्या सर्व्हिसेसच्या थांब्यावर गाडी थांबवून दोघांनी मोठी प्लेट भरून गरम चिप्स घेतल्या आणि वर भरपूर व्हिनेगर ओतलं.