उरलेली तीन टिपणं

मी फणसाच्या लाकडाची पेटी बोलतेय. दीड हात लांब, हातभर रुंद, वर सपाट झाकण आणि पुढे पितळी कडी. मला बोलायची सवय नाही. माझं काम पोटात ठेवायचं. पण एक गोष्ट मला ठाऊक आहे आणि दुसऱ्या कोणालाच नाही, म्हणून आज तोंड उघडलं.

१९४७चा पावसाळा संपला तेव्हा नागावच्या सदू सुताराने मला घडवलं. घडवून घेणारा होता येसाजी मोकल, पेणच्या खाडीकाठी मिठागरावर राबणारा. त्याचा मुलगा दिनानाथ मराठी घेऊन एम. ए. झाला होता आणि मुंबईच्या एका कॉलेजात शिकवायला लागला होता. येसाजीला अक्षर येत नव्हतं, पण खारी हवा लोखंडसुद्धा खाते हे त्याला पक्कं ठाऊक होतं.

"खार लागाचा न्हाय असं लाकूड घे," तो सदूला म्हणाला. "पोराचं कागद ऱ्हानार हायेत आत."

सदूने जुना, वाळलेला फणस निवडला. आत खण केले नाहीत. येसाजीने मागितलेच नव्हते.

दिनानाथ मला घेऊन धरमतरहून लाँचने मुंबईला गेला. त्याला धवल्यांवर प्रबंध लिहायचा होता. धवले म्हणजे आगरी लग्नातली गाणी. आमच्याकडे लग्न लावते ती धवलारीण. मांडव घालण्यापासून नवरीच्या पाठवणीपर्यंत प्रत्येक कामाचं तिचं गाणं असतं, आणि गाणं झाल्याशिवाय काम पुढे सरकत नाही. खाडीकाठची सगळ्यांत जाणती धवलारीण म्हणजे दिनानाथची सख्खी आत्या, ठमाबाई. त्याला वाटलं, आत्याच ती, आठवडाभर समोर बसवू आणि सगळं उतरवून घेऊ.

"लगीन न्हाय त धवला न्हाय," ठमाबाईने सांगून टाकलं. "मोकल्या तोंडानं म्हनाचा नसतो तो. लिवाचा त मांडवात ये."

मग तो मांडवात गेला. चार उन्हाळे, सतरा लग्नं. मांडीवर मी, माझ्या झाकणावर कागद, हातात टाक. हळदीचे हात लागून माझी एक कड जी पिवळी झाली ती कायमची. पाहुण्यांना तो कोणी सरकारी कारकून वाटायचा. एका लग्नात तर दोन म्हाताऱ्यांनी त्याला रेशनचं विचारून घेतलं.

एका गाण्याचं एक टिपण. लग्नात जे ज्याच्या मागून आलं ते त्याच्यावर ठेवायचं, मधलं सुटलेलं पुढच्या लग्नात मिळालं की नेमक्या जागी सारायचं. अशी एकशे सदतीस टिपणं जमली. कागदांवर आकडे घातले नव्हते. तशी गरजच नव्हती, माझ्या पोटात ती लागोपाठ होती.

शेवटचं टिपण झालं त्या दिवशी ठमाबाईने माझ्या झाकणावर हात ठेवला. तिला मुलगी नव्हती आणि सुनेला गळा नव्हता. "दिना, माजी नात कमळ अजून ल्हान हाय," ती म्हणाली. "तिच्या लगनात मना काय आटवला न्हाय, त तू देशील ना?"

"देईन आत्या. शब्द दिला," दिनानाथ म्हणाला.

मुंबईला आल्यावर त्याने एक सुतार बोलावला आणि मला सहा खण पाडून घेतले. झाडं, पाणी, देव, दागिने, माहेर, सासर. मग एका रविवारी टिपणं बाहेर काढून, विषय बघून, ज्याच्या त्याच्या खणात लावली. फार आनंदात होता तो, शीळ घालत होता. मला करवतीचं काही वाटलं नाही, ते तासाभराचं दुखणं. पण टिपणं हलली तेव्हा वाटलं होतं की याला थांबवावं. लाकडाला कोण विचारतो?

परीक्षकांनी वर्गीकरणाची तोंडभरून स्तुती केली. तिथून त्याची गाडी थांबली नाही. डॉक्टर झाला, विभागप्रमुख झाला, प्राचार्य झाला आणि १९६१ साली घाटावरच्या एका विद्यापीठाचा कुलगुरू झाला. आता मीही त्यांना अहोजाहो करायला हवं, नाही का? माणसं खुर्चीला करतातच.

बंगल्यात मला दिवाणखान्याच्या कोपऱ्यात जागा मिळाली आणि माझ्यावर टेलिफोन आला. तीन वर्षं मी फोन ऐकले. परीक्षेच्या तारखा, वसतिगृहाचं पाणी, कोणाच्या तरी भाच्याचा प्रवेश. फोनवर पलीकडचा दिसत नसतो, तरी माणसं मान डोलावतात. दिनानाथरावही डोलवायचे. धवल्यांचं पुस्तक 'पुढच्या सुट्टीत' व्हायचं होतं. त्या तीन वर्षांत माझी कडी कोणी उघडली नाही.

१९६४च्या चैत्रात ठमाबाई आली. सोबत कमळ, सातवी शिकलेली, वैशाखात लग्न ठरलेली. शिपायाने आतल्या खुर्च्या दाखवल्या, तर म्हातारी माझ्याजवळ जमिनीवर बसली. पिवळ्या कडेवरून तिने बोट फिरवलं. तिने मला ओळखलं याचा मला आनंद झाला, खोटं कशाला सांगू?

दिनानाथराव बैठक सोडून आले.

"दिना, माजं धवलं मना परत दे. पंधरा दिवसांवर लगीन हाय आनि माज्या डोक्यात नुसता काला झालाय."

"सगळे आहेत आत्या. एकही हरवला नाही." टेलिफोन खाली उतरला, कडी उघडली. त्यांनी मोठ्या विश्वासाने पाण्याचा खण घेतला आणि वाचायला लागले. पहिलं टिपण, नवरीला घेऊन होडी खाडीपार निघाली. दुसरं, नवरीच्या न्हाणाचं पाणी तापलं.

ठमाबाईने हात वर केला. "आरं, पोर सासरी जेली आनि मंग न्हाली?"

कमळला हसू आलं. दिनानाथरावांना नाही आलं. त्यांनी दुसरा खण काढला, मग तिसरा. देवांच्या खणात मांडवात बोलावलेले देव आणि लग्नानंतर परत पाठवलेले देव एकाच गठ्ठ्यात होते. ते खाली बसले, तिच्या शेजारी, जमिनीवर.

"आत्या, गाणी आहेत. क्रम मी मोडला. मीच, या हातांनी."

"मंग कसा लगीन लावाचा?" तिने विचारलं. राग नव्हता तिच्या आवाजात, खरंच विचारत होती. कोणतं टिपण कोणाच्या मागून, ते मला पाठ होतं, आणि मी मुकी.

दिनानाथरावांनी कार्यकारी मंडळाची बैठक पुढे ढकलली, कुलगुरू झाल्यापासून पहिल्यांदाच. मला घेऊन ते खाडीकाठी आले. लग्नाच्या पहिल्या दिवशी सकाळी मांडवात बायका जमल्या, ठमाबाई मधोमध बसली. पहिलं गाणं कोणतं तेच तिला आठवेना. कमळ पाटावर मान खाली घालून बसली होती, तिचे डोळे भरलेले मी पाहिले.

तेवढ्यात शेजारची गोदू म्हणाली, "आवो, हलद त दलाला घ्या!" आणि तिने जात्याचा खुंटा म्हातारीच्या हातात दिला.

हात फिरला. दोन फेरे झाले आणि तोंड उघडलं.

दिनानाथरावांनी धडपडत टिपण शोधलं. झाडांच्या खणात होतं ते, हळद झाड म्हणून. त्यांनी त्यावर आकडा घातला, एक. मग तसंच चाललं. ठमाबाईच्या हाताला काम मिळालं की गाणं यायचं. अडली की दिनानाथराव चार-पाच टिपणांच्या पहिल्या ओळी वाचायचे आणि ती एकीवर मान हलवून पुढचं उचलायची. चार दिवस विद्यापीठाचा कुलगुरू एका म्हातारीच्या हाताखाली बसला होता. पाहुण्यांनी याही खेपेला त्यांना कारकूनच समजलं असावं.

लग्न लागलं. नवरी न्हाली आणि मगच सासरी गेली. एकशे चौतीस टिपणांवर आकडे पडले. तीन उरली. दिनानाथरावांनी ती पुन्हा पुन्हा वाचून दाखवली, पण म्हातारीने नाहीच म्हटलं. "न्हाय रं. सापरत न्हाय."

पुढच्या वर्षी ठमाबाई गेली. दिनानाथरावांनी स्वतःच्या प्रबंधाला जोडायला मुंबईच्या विद्यापीठाकडे एक पत्र लिहून पाठवलं: वर्गीकरणात लग्नाचा क्रम मोडला आहे, चूक माझी आहे. ते जोडलं की नाही, मला माहीत नाही. मला मात्र त्यांनी कमळला देऊन टाकलं.

आता १९६८ चाललंय. दिनानाथरावांची कुलगुरूपदाची मुदत संपलीय. उन्हाळ्यात येतात, आता धवलारीण झालेली कमळ धवला म्हणते तेव्हा मांडवाच्या कडेला बसतात, लिहीत काही नाहीत. माझे खण सदूनेच काढले, भिंतींना खाचा तेवढ्या राहिल्यात. उरलेली तीन टिपणं कमळने सगळ्यांत वर वेगळी बांधून ठेवलीत.

मूळच्या थप्पीत त्यांतलं एक बेचाळिसाव्याच्या खाली होतं. दुसरं नव्वदाव्याच्या वर. तिसरं अगदी तळाला, सगळ्यांत आधीचं, जात्याला हात लावण्यापूर्वी म्हणायचं. कमळ दर लग्नात त्याच्याशिवायच सुरुवात करते. झाकण उघडलं की मी करकरते, आणि ती म्हणते, "बिजागरीला तेल घालाला पायजे."

तुम्हीही कोणाकडून काही उचलून नेत असाल, तर नेण्याआधी ते कुठे ठेवलेलं होतं तेवढं एकदा नीट बघून घ्या.