लोरांतचा आवाज

कागदाची सळसळ माइकमध्ये जाऊ नये म्हणून वेंडेल सेंतेशीने पान लांब धरून उलटलं आणि वाचलं, “घोड्यावर मांड टाकली, की मला मरणाचीही भीती वाटत नसे.” वाक्य संपताना त्याच्या नाकातून फुस्सकन हवा निघालीच.

“वेंडेलकाका, पुन्हा हसलात,” काचेपलीकडून इबोया म्हणाली. रेकॉर्डिंग तिच्याकडे होतं.

“हसू नको तर काय करू? मांड म्हणे! घोडा दोघांनी धरलेला असायचा आणि हे महाशय डोळे मिटून बसायचे. त्याच्यात आणि घोड्यात अभिनय घोड्यालाच बरा जमायचा.”

इबोयाशेजारी बसलेल्या लोरांत बार्कोत्सीला हे सगळं ऐकू येत होतं. चौऱ्याऐंशी वर्षांचं वय, रंगवलेले केस, गळ्यात रेशमी रुमाल. तो पोगाचा नावाचं खारं बिस्किट चघळत राहिला. मांडीवर पडलेला चुरासुद्धा त्याने रुबाबात झटकला. ‘झटक बाबा,’ वेंडेल मनात म्हणाला, ‘जन्मभर दुसरं केलंस काय?’

अकरा चित्रपटांत चेहरा लोरांतचा होता आणि गळा वेंडेलचा. त्या काळी बुडापेस्टमध्ये चित्रीकरण आधी व्हायचं आणि आवाज मागाहून चढवायचे. नटाचा आवाज पसंत नसला तर दुसऱ्याचा बसवायचे; त्यात कुणालाच वावगं वाटत नसे. लोरांतचा आवाज तेल न घातलेल्या दारासारखा. पडद्यावर मात्र तो “थांब, मी येतो” म्हणाला, की बायका रुमाल भिजवायच्या. वेंडेलचं नाव एकाही चित्रपटाच्या श्रेयनामांच्या पाटीवर आलं नाही. लोरांतने माझं नाव गिळलं, हे वेंडेल पन्नास वर्षं येईल त्याला सांगत आला. त्याची बायको एतेल्का तर लोरांत असेल त्या जेवणाला कधी गेली नाही. मरेपर्यंत तिने त्या माणसाला सलाम केला नाही.

आता लोरांतचं आत्मचरित्र लोकांना ऐकायचं होतं, आणि तेही ‘त्याच्या’ आवाजात. वेंडेलने एकच अट घातली होती: शेवटच्या प्रकरणात माझं नाव स्पष्ट आलं पाहिजे. आज तेच प्रकरण होतं.

त्याने पुढचं पान घेतलं. “माझ्या सगळ्या चित्रपटांतला आवाज वेंडेल सेंतेशी याचा होता.” त्याने सूर ढळू दिला नाही. डोळे पुढच्या ओळीवर गेले, आणि तो थांबला.

‘पहिल्याच चित्रपटाला मी त्याचं नाव पाटीवर घालायला सांगितलं होतं. त्याने चिठ्ठी पाठवली: मी रंगभूमीचा नट आहे. असल्या घोडेबाजीत माझं नाव दिसलं तर नाटकवाले मला दारात उभं करणार नाहीत. ती चिठ्ठी मी जपून ठेवली आहे.’

वेंडेलला ती चिठ्ठी आठवली. हिरवी शाई होती. तेव्हा तो सव्वीस वर्षांचा होता, शेवटच्या रांगेतला भालाईत करायचा आणि नाकाने कांदे सोलायचा. वर्षभरात नाटक सुटलं, आणि कधीतरी चिठ्ठीही त्याने मनातून काढून टाकली. एतेल्काला त्याने हे कधीच सांगितलं नव्हतं.

“काका, काय झालं?” इबोयाने विचारलं.

लोरांत पुढे वाकला आणि त्याने आतल्याशी बोलायचं तिच्यासमोरचं बटण दाबलं. तो चिरका आवाज हेडफोनमधून वेंडेलच्या कानात शिरला.

“नको असेल तर गाळ, वेंडेल. पण गाळायचं तर नावासकट सगळं. नाव ठेवून चिठ्ठी गाळता येणार नाही.”

“एवढी वर्षं बोलला का नाहीस?”

“माझ्या आवाजात कोण ऐकणार होतं?”

वेंडेल घोटभर पाणी प्याला. कागदावर त्याचं नाव छापलेलं होतं, पूर्ण, आडनावासकट. त्याने खिशातली पेन्सिल काढली आणि नावापासून चिठ्ठीपर्यंत एकच आडवी रेघ ओढली.

“इबोया, मघाचं वाक्य पुसून टाक. खालच्या परिच्छेदापासून घेतो.”

“आणि मधलं?”

“मधे काही नव्हतं.”

लाल दिवा लागला. “प्रेक्षकांनी माझ्यावर प्रेम केलं,” वेंडेल वाचू लागला. काचेपलीकडे लोरांतचे ओठ हलत होते. त्याला ते पान पाठ होतं. जुन्या सवयीने वेंडेलने त्या ओठांवर नजर ठेवली आणि कुठेही मागेपुढे न होता पान संपवलं.